झाडून काढलेलं जंगल

उन्हाळ्याच्या सुट्टीत माणसं महाबळेश्वरला जातात, नाहीतर माहेरी जाऊन आंबे खातात. मी तिरोड्याला गेले. कऱ्हाडात हे सांगितलं की लोक विचारतात, "हे कुठं आलं?" मग मी त्यांना बसवते आणि सांगायला लागते. एकदा लागले की थांबत नाही, अशी आमच्या ह्यांची तक्रार आहे. शेवटी तेच म्हणाले, "बाई गं, लिहून काढ आणि सगळ्यांना वाचायला दे." तर हे घ्या.

माझा धाकटा भाऊ वसंता जंगलखात्यात रेंजर आहे. मालगुजारी, म्हणजे तिकडची जमीनदारी, संपून मालगुजारांची जंगलं सरकारजमा झाली, तेव्हा त्याची बदली नागपूरच्याही पलीकडे, भंडारा जिल्ह्यात झाली. दिवाळीला आला होता तेव्हा म्हणाला, "ताई, मोह गळायच्या दिवसांत ये. वेडी होशील." आता आमच्या शाळेतल्या मुलींच्या मते मी आधीच थोडी तशी आहे. परीक्षा संपल्या, पेपर तपासून हेडबाईंच्या टेबलावर आपटले आणि निघाले.

तिरोडा, म्हणजे आधी गोंदिया

नागपूरला गाडी बदलली इथवर सगळं शहाण्यासारखं झालं. पुढं डब्यात आमगावच्या एक बाई भेटल्या. घरची धानाची शेती, बोलायला मोकळ्या, आणि मांडीवर लाखोरीच्या वड्यांचा डबा. लाखोरी म्हणजे तिकडची एक डाळ. वडे असे खमंग, की मी पहिला संकोचानं घेतला आणि पुढचे संकोच न करता घेतले. आम्ही रोज भाकरी खातो हे ऐकून त्यांना माझी फार दया आली. "म्हणजे तुमाले भात भेटत नाही का जी?" असं विचारून त्यांनी डबा माझ्याकडं आणखी सरकवला. सुना, लोणची, पाऊसपाणी असं बोलता बोलता तिरोडा येऊन गेलं. मला पत्ता नाही. गाडी गोंदियाला थांबली तेव्हा त्या म्हणाल्या, "तुम्ही तिरोड्याले उतरनार होत्या नं?"

गोंदियात मराठी बोलायची सोयच नाही. हमाल हिंदी, पानवाला हिंदी, स्टेशनातला बाबूही हिंदी. तो म्हणाला, "बहनजी, तिरोडा तो पीछे छूट गया." मी माझ्या कऱ्हाडी हिंदीत त्याला विचारलं, "तो अब मैं उलटा कैसा जाऊं?" तो इतका हसला की त्यानं मला खुर्ची दिली आणि चहा मागवला. परतीच्या गाडीला वेळ होता, म्हणून बाजारात चक्कर मारली. जिथं तिथं विड्या. घरोघरी ओट्यावर बाया मांडीत सूप घेऊन विड्या वळत बसलेल्या, बोटं चालूच आणि तोंडंही चालूच. या विडीचं पान जंगलातल्या तेंदूचं असतं, हे मला तिथं कळलं. जंगल म्हणजे वाघ आणि लाकूड एवढंच माझं ज्ञान होतं.

संध्याकाळी तिरोड्याला उतरले तर वसंता सकाळपासून बंडी घेऊन उभा. बंडी म्हणजे आपली बैलगाडी. मला वाटलं रागावेल. तो बैलांना म्हणाला, "चला रे, आली एकदाची," आणि माझी ट्रंक वर टाकली.

बोदलकसा

वसंताचा मुक्काम बोदलकशाला; तिथला तलाव मी सकाळी पाहिला आणि माझं बोलणं बंद झालं. वसंतानं घड्याळ काढून पाहिलं, असं तो सगळ्यांना सांगत असतो. तिन्ही बाजूंनी डोंगर, त्यांवर जंगल, आणि मध्ये एवढं पाणी. आमची कृष्णा उन्हाळ्यात वाळूत पाय आखडून घेते, आणि इथं चैत्रात लाटा. ढिवरांनी, म्हणजे तिकडच्या कोळ्यांनी, जाळ्यातून काढून दिलेले मासे वसंताच्या नाकेदारानं रांधले. नाकेदार म्हणजे जंगलाचा शिपाई. नाव मंगरू, उंच, वाळका, आणि स्वयंपाकात हात असा की मी त्याला कऱ्हाडला यायचं आमंत्रण देऊन टाकलं. "तेथी जंगल हाय का?" त्यानं विचारलं. मी म्हटलं, नाही. "मंग मी तेथी काय करू?" संपला विषय. तिकडची माणसं बोलायला अशी रोखठोक. पुण्यात याच उत्तराला अर्धा तास लागला असता.

तलावाच्या पल्याड गोंडांचा एक टोला आहे. टोला म्हणजे वाडी. त्याच्या दाराशीच वसंताचं लाडकं जंगल सुरू होतं. "लाडकं" मी म्हणते. पहिल्यांदा पाहिलं तेव्हा मला रडू यायचं बाकी होतं, कारण तिथं जंगल कमी आणि खुंट जास्त. मालगुजारानं सरकार यायच्या आत हात धुऊन घेतले होते. उभे राहिले होते ते मोह आणि थोडे तेंदू, फळाफुलाचे म्हणून सोडलेले.

"खाली बघ," वसंता म्हणाला.

बघितलं. ऐनाच्या, धावड्याच्या, बिजाच्या खुंटांना धुमारे फुटले होते, आणि मधून मधून बियांपासून उगवलेली पोरं, बोटभर, वितभर. तो त्यांना पोरंच म्हणतो. "इथं बाहेरून काही आणून लावायचं नाही, ताई. इथलं जे आहे ते आपोआप वर येतंय. फक्त काही पावसाळे कुऱ्हाड, गुरं आणि आग आत येता कामा नये." कुऱ्हाड आणि गुरं टोल्यानं थांबवली होती. अडलं होतं ते आगीशी, आणि आगीचं कारण होतं मोह.

सुगंताबाईचा मोह

मोहाची फुलं पहाटे गळतात. खाली वाळका पाला असला तर त्यात ती दिसत नाहीत, म्हणून तिकडं पूर्वापार झाडाखालचा पाला पेटवून जमीन साफ करतात. मागच्या वर्षी असाच पेटवलेला पाला वाऱ्यानं पसरला आणि वसंताची कोवळी पोरं काळी पडली. ते पाहून गेलेले मोठे साहेब, म्हणजे जिल्ह्याचे जंगलसाहेब, बजावून गेले होते: पुढच्या चैत्रात पुन्हा येईन, आगीचा मागमूस दिसला तर हा सगळा तुकडा बंद. गुरांना बंद, माणसांना बंद, मोह वेचणाऱ्या टोपल्यांनाही बंद.

ही गोष्ट मला टोल्यातल्या सुगंताबाईनं मोहाखाली सांगितली. पन्नाशीची असेल, ठेंगणी, आवाज पाटलासारखा. पहाटे आम्ही गेलो तेव्हा अजून तांबडं फुटायचं होतं आणि झाडावरून टप टप टप चालू होतं. पिवळसर, रसानं टचटचीत फुलं. वास तर असा की मला उगाचच हसू यायला लागलं. मी एक तोंडात टाकलं. मग दुसरं. मग मोजणं सोडलं. गोड, मनुकेसारखं, वर थोडा रानटी वास. पदर भरण्याऐवजी पोट भरलं आणि मग एकदम आठवलं की याचीच दारू करतात. मी, मुलींच्या शाळेतली शिक्षिका, भल्या पहाटे रानात! मी घाबरून बुंध्याला टेकून बसले आणि सुगंताबाईला म्हटलं, "मला चढली वाटतं."

"फुलानं काऊन चढन जी? सडवा लागते, गाळा लागते."

"पण डोकं गरगरतंय."

"उपाशी पोटी एवढं गोड खाल्लं तं आनखी काय होईल?" ती म्हणाली आणि बाकीच्या बायांना तिनं गोंडीत काहीतरी सांगितलं. सगळं रान हसलं. मीही हसले. आणि तिनं काहीही म्हणो, चढली होती थोडी.

तो मोह तिचा होता. म्हणजे जमीन सरकारची, पूर्वी मालगुजाराची, पण कोणता मोह कोणत्या घराचा हे टोल्यात पोरासोरांना ठाऊक. सुगंताबाईला तो लग्नात मिळाला होता. आपण लेकीला भांडीकुंडी देतो, त्या टोल्यात मोह देतात. ऐकलं आणि मला इतका हेवा वाटला! माझ्या लग्नात मला समया मिळाल्या. त्यांना कधी फूल आलं नाही. तिची मुलगी सायत्रा आमच्याबरोबरच वेचत होती, लाजरी आणि हाताला चलाख. वैशाखात तिचं लग्न होतं, जवळच्याच गावात.

"या टुरीले हा मोह देनार हाय मी," सुगंताबाई म्हणाली. "पान्याच्या दिवसांत घरी दाना नसते, तवा यानंच जगवलं आमाले. साहेबानं बंद केलं तं तिले काय देऊ? रिकामी पाठवू?"

हे तिनं फुलं वेचता वेचताच, मान वर न करता सांगितलं. माझं हसू गेलं. मी तिची टोपली भरायला लागले आणि त्या दिवशी परत एकही फूल तोंडात टाकलं नाही.

खराटे

वसंतानं टोल्यात एवढंच सांगितलं होतं की पाला जाळू नका, झाडून काढा. बायांनी ऐकलं. प्रत्येक मोहाखाली गोल, स्वच्छ जमीन. सुगंताबाईनं तर शेणानं सारवलं होतं. साहेबांना आणायला वसंता गोंदियाला गेला आणि मागं राहिलो मी, मंगरू आणि टोला. सकाळी मोहाखाली सगळे जमले, तेव्हा सुगंताबाईच्या मनात आलं.

"पाला हाय म्हणून आग लागते," ती म्हणाली. "मोहाखालचा काढला, तं आग तेथी लागत नाही. बाकीचा पाला तं हायच नं. कोनी येनारा-जानारा बिडी टाकून जाईल, आनि नाव आमचं. सगडाच काढून टाकू. पालाच नाही तं आग कायले लागन?"

मला सांगा, यात चूक कुठं आहे? मला तेव्हा दिसली नाही, आणि मंगरूलाही दिसली नाही. शिवाय पाहुणा येणार म्हणजे आंगण झाडायचं, हे आपल्याकडंही आहे. मी म्हटलं, "मला एक खराटा द्या."

काय तो दिवस! सगळा टोला जंगल झाडायला उतरला. म्हाताऱ्या, लेकुरवाळ्या, पुरुषसुद्धा, आणि पुरुष झाडताना पाहून बायांना झालेला आनंद तर वेगळाच. खर्र खर्र आवाजानं रान भरून गेलं. एक गाणं सुरू झालं, गोंडीतलं, मला शब्द कळेनात तरी मी सूर धरला आणि तो कोणाच्याच सुराशी जमला नाही. पाल्यात वसंताची पोरं दिसली की सुगंताबाई ओरडायची, "हळू, रेंजरचं लेकरू हाय!" मग बाया खराटा ठेवून हातानं त्याच्या भोवतीचा पाला उचलायच्या. पाला टोपल्यांनी वाहून नाल्याच्या काठी ढीग लागले, माझ्या उंचीचे. दुपारी भात आणि कैरीची चटणी खाल्ली, सावलीला आडवे झालो, पुन्हा लागलो. संध्याकाळी जंगल असं चकचकीत दिसायला लागलं की सायत्रानं वाटेवर रांगोळी घातली. माझ्या हाताला फोड आले होते. मी ते कौतुकानं सगळ्यांना दाखवत फिरले.

मोठे साहेब

दुसऱ्या दिवशी जीप आली. मोठे साहेब जबलपूरकडचे, जाड भिंगांचा चष्मा, बोलायला कमी. आम्ही सगळे वाटेवर उभे. जीप रांगोळीच्या अलीकडं थांबली. वसंता उतरला, त्यानं समोर पाहिलं, आणि त्याचा चेहरा बघून मला कळलं की काहीतरी फार चुकलं आहे. तो म्हणाला, "ताई, पाला कुठं गेला?"

"झाडला," मी अभिमानानं म्हटलं.

साहेब चालत आत गेले, आम्ही मागून. नुसती लाल, उघडी, झाडलेली जमीन, आणि तिच्यावर खराट्याच्या रेषा. सुगंताबाईच्या मोहापाशी ते पोचले तेव्हा ती पुढं झाली आणि म्हणाली, "साहेब, बूट काढा जी. सारवलं हाय."

वसंतानं डोळे मिटून घेतले. साहेबांनी तिच्याकडं पाहिलं, सारवलेल्या जमिनीकडं पाहिलं, आणि खाली बसून बूट काढले. मोजे लाल होते. टोल्यातली एकही बाई हसली नाही, हे मला आजही मोठं नवल वाटतं. मी मात्र पदर तोंडात कोंबला.

मग ते वसंताला हिंदीत जे बोलले ते त्यानं सगळ्यांना सांगितलं. पाला म्हणजे जंगलाचं पांघरूण. वैशाखाचं ऊन या उघड्या जमिनीवर पडलं की कोवळी पोरं मुळापासून वाळतील. आग परवडली, असं झालंय. आगीचा मागमूस नव्हता, पण जंगल राखता येत नसेल तर ते बंदच केलेलं बरं, असं साहेबांचं म्हणणं होतं.

सायत्रा आईच्या मागं सरकली. मला अशी काही लाज आणि असा काही राग आला, दोन्ही एकदम, की मी साहेबांना म्हणणार होते, अहो, पण किती जिवापाड झाडलंय, बघा तरी. तोंड उघडलंसुद्धा. पण साहेब आणखी पुढं, नाल्याकडं निघाले, ढीग पाहायला. ढिगांपाशी उभं राहून त्यांनी विचार करता करता खिशातून सिगारेट काढली आणि शिलगावली.

"साहेब, विझवा ते," सुगंताबाई म्हणाली.

साहेबांना कळलं नाही. किंवा कळलं, पण आपल्याला कोणी असं म्हणेल हे खरं वाटलं नाही.

"पाल्याजवड बिडी पेटवून राहिले तुम्ही. विझवा. एक ठिनगी गेली तं माहा मोह जाईल, रेंजरची लेकरं जातीन, आनि तुम्ही म्हनान आमीच लावली." ती हात पुढं करून उभी राहिली. साहेबांनी सिगारेट तिच्या हातात दिली. तिनं ती दगडावर चिरडली, वर थुंकली, आणि थोटूक नाल्याच्या पाण्यात टाकून आली.

साहेब मागं फिरले आणि झाडलेल्या जमिनीवरून पुन्हा हिंडले, नुसत्या मोज्यांनीच, मधून मधून वाकत. पाला नसल्यामुळं एक एक पोर उघडं दिसत होतं. ऐन, धावडा, बिजा, तेंदू, ठिकठिकाणी, आणि एकही खराट्यानं उपटलेलं नाही. वसंता त्यांच्या मागून चालत होता आणि त्याच्या चेहऱ्यावर हळूहळू रक्त परत येत होतं. त्यालाही एवढी असतील असं वाटलं नव्हतं.

"पाला वापस डालो," साहेब म्हणाले. "आज ही. तुकडा खुला रहेगा. टोकरी आएगी, कुल्हाड़ी नहीं."

एक म्हातारी कमरेवर हात ठेवून म्हणाली, "आदी झाडाले लावते, मंग पसराले लावते. सरकारले काम नाही." पण टोपली तिनंच आधी उचलली. मग काय विचारता! काल जेवढ्या उत्साहानं काढला, तेवढ्याच उत्साहानं पाला परत अंथरायला सुरुवात झाली. पोरांच्या मुळांशी ओंजळीनं, मोकळ्या जागी टोपलीनं. साहेबांनी बाही वर करून एक टोपली नेली, नाल्याशी पाय घसरून पाल्यातच बसले आणि उठता उठेनात, कारण हसू आवरेना. त्यांना हसता येतं हे त्यांच्या ड्रायव्हरलाही नवीन होतं. मी फोड आलेल्या हातांनी दिवसभर पाला टाकला. कालचं गाणं आज पाठ झालं होतं.

उन्हं उतरताना सगळे मोहाखाली बसले आणि मग सुगंताबाईनं शेवटचं काढलं. त्या टोल्यात लेकीला मोह देताना बाप, भाऊ, चुलते, ज्यांचा ज्यांचा झाडावर हक्क असेल ते सगळे हळदीचा हात खोडाला लावून सांगतात की आता हे हिचं. सुगंताबाई विधवा. दिरांनी कालच हात लावले होते, खोडावर पिवळे पंजे दिसत होते.

"आता सरकारचा हक्क हाय म्हनते," ती हळदीची वाटी साहेबांपुढं धरून म्हणाली. "तं सरकारचाबी हात लागला पायजे. मंग लग्नाच्या दिवशी कोनी बोलू नये."

वसंता घाईनं मध्ये पडला. असं करता येत नाही, सरकारी झाड कोणाला देता येत नाही, साहेबांच्या हातात ते नाही, असं तो तिला समजावायला लागला. ती ऐकत होती, पण वाटी मागं घेत नव्हती. सायत्रानं मान खाली घातली होती. माझा जीव इतका वर आला होता की मला पुन्हा त्या पहाटेसारखं गरगरायला लागलं.

साहेबांनी चष्मा काढून पुसला. मग हात वाटीत बुडवला आणि दिरांच्या पंज्यांशेजारी खोडावर टेकवला.

"झाड सरकार का," ते म्हणाले. "फूल बेटी का."

वसंतानं ते मराठीत सांगायला तोंड उघडलं. सुगंताबाईनं त्याला हातानंच थांबवलं.

"समजलं जी," ती म्हणाली. "फुलाचंच तं मांगून राहिली होती मी."